खासगी म्हणजे लपवलेले नव्हे

२०२४ च्या श्रावणात एक बाई माझ्याकडे अर्ज लिहून घ्यायला आल्या. बालाघाटात भाषेच्या शिक्षिकेकडे अशा कामासाठी माणसे येतच असतात. घरात मराठी नाही तर पोवारी आणि कचेरीत हिंदी, अशी इथली विभागणी. त्यातही कचेरीतली हिंदी बाजारातल्या हिंदीहून वेगळी. रेशन कार्ड, विजेचे बिल, शेताची मोजणी, असे किती अर्ज मी लिहून दिले असतील याची मोजदाद नाही. हा अर्ज पोलीस ठाण्यासाठी होता. त्यांची मुलगी पूर्वी माझ्या वर्गात होती, आता कॉलेजात शिकत होती, आणि तिचा एक व्हिडिओ गावभर फिरत होता. (मुलीची ओळख पटेल असे तपशील मी इथे गाळले आहेत, काही बदललेही आहेत.)

मी लिहिले : ‘मेरी बेटी का वीडियो वायरल हो गया है, जिससे परिवार की बदनामी हो रही है. कृपया उचित कार्यवाही की जाए.’ ठाण्यातल्या मुन्शीजींनी अर्ज वाचला, चष्मा कपाळावर सरकवला आणि विचारले, ‘किसने किया?’

मी म्हटले, तेच तर सांगायला आलो आहोत. ते म्हणाले, मग अर्जात कुठे आहे? अर्जात खरोखरच नव्हते. मुलगी होती, कुटुंब होते, बदनामी होती, कार्यवाही होती. ज्याने तो व्हिडिओ चार मित्रांना पाठवला तो तरुण मात्र कुठेच नव्हता, आणि त्याचे नाव तर आम्हाला पक्के ठाऊक होते. पंचवीस वर्षे मी मुलांना ‘वाक्यातील कर्ता ओळखा’ असे प्रश्न घालत आले. त्या दिवशी माझ्याच वाक्यात कर्ता सापडेना.

या लेखाचा विषय म्हणजे खासगी व्हिडिओ बाहेर जाणे, त्याबद्दलचा कायदा आणि त्यामागचे तंत्र. भाषेच्या वार्षिकात हा विषय कशाला, असे कुणी विचारील. मला वाटते, हा विषय आपल्याला नीट कळत नाही याचे निम्मे कारण भाषेत आहे.

आधी क्रियापदच पाहू. मराठीत क्रियापदांच्या किती सुरेख जोड्या आहेत : फुटणे-फोडणे, तुटणे-तोडणे, सुटणे-सोडणे, पसरणे-पसरवणे. पहिले आपोआप घडते, दुसरे कुणीतरी घडवते. म्हणजे कर्त्याला उभे राहायला आपल्या भाषेने जागा ठेवलेली आहे. पण परीक्षेचा पेपर ‘फुटतो’, तो कुणी फोडल्याचे आपण क्वचितच म्हणतो. व्हिडिओ ‘लीक होतो’, जणू नळाचा वायसर गेला. ‘व्हायरल होतो’, जणू साथ आली. साथीच्या रोगात दोष कुणाचा नसतो, उलट ज्याला रोग झाला त्याच्यापासूनच लोक लांब राहतात. या शब्दाबरोबर ती रीतही आली. सुशिक्षित वाक्यरचना वापरून ‘व्हिडिओ व्हायरल करण्यात आला’ असे लिहिले तरी फरक पडत नाही. कर्मणी प्रयोगात कर्ता पुन्हा पडद्याआड.

आणि मग षष्ठी. ‘तिचा व्हिडिओ’. व्याकरण शिकवताना आपण ‘रविवर्म्याचे चित्र’ हे उदाहरण देतो : त्याने काढलेले, त्याचे स्वतःचे काढलेले, की त्याच्या मालकीचे? ‘तिचा व्हिडिओ’ या दोन शब्दांतही तेच तीन अर्थ आहेत, आणि ऐकणारा नेमका नको तो उचलतो. तिचा, म्हणजे तिने केलेला, तिच्यामुळे झालेला. तिच्या मालकीचा हा तिसरा अर्थ कुणाच्या मनात येत नाही. खरे तर कायद्याच्या दृष्टीने तोच महत्त्वाचा आहे.

कर्ता नेहमीच हरवतो असेही नाही. सप्टेंबर २०१९ मध्ये इंदूर महापालिकेतल्या एका अभियंत्याने तक्रार दिली की खासगी चित्रफितींचा धाक घालून आपल्याकडे तीन कोटी रुपये मागितले जात आहेत. इंदूर-भोपाळमधून काही स्त्रियांना अटक झाली, विशेष तपास पथक नेमले गेले, आणि मोठमोठ्या नावांच्या चर्चेने राज्य ढवळून निघाले. त्या प्रकरणाला नाव पडले ‘हनी ट्रॅप’. शब्द नीट पाहा. ट्रॅप म्हणजे सापळा, आणि सापळा म्हटला की तो लावणारा आलाच. त्यातले पुरुष ‘अडकले’. कॅमेऱ्यासमोर पुरुष असले, तेही अधिकाराच्या खुर्चीतले, तर भाषेला गुन्हेगार सापडतो. कॉलेजातली मुलगी असली तर भाषा म्हणते, ‘झाला व्हायरल.’

त्याच्या पंचवीस वर्षे आधीचे जळगाव आठवा. १९९४ मध्ये तिथे उघडकीस आलेल्या प्रकरणात मुलींची छायाचित्रे आणि चित्रफिती यांच्या धाकाने त्यांचे शोषण होत असल्याचे आरोप होते. तो मोबाइलपूर्व काळ. धाक मात्र हाच : ‘दाखवीन.’ महाराष्ट्रभर खळबळ उडाली, पण तक्रार द्यायला फार थोड्या मुली पुढे आल्या, आणि वरच्या न्यायालयापर्यंत जाता जाता अनेक आरोपी सुटले. वर्तमानपत्रांनी त्याला नाव दिले ‘वासनाकांड’. धमकी, खंडणी, बलात्कार असे सगळे आरोप असलेल्या प्रकरणाला वासनेचे नाव! ज्या मुलीने तक्रार दिली असती तिला आपले नाव कुठल्या शब्दाशी जोडून घ्यावे लागले असते, याचा विचार मथळा करणाऱ्याने केला नसावा.

‘एमएमएस’ या शब्दाची कथाही अशीच. ती मुळात फोनवरून चित्रे-ध्वनी पाठवण्याची एक निरुपद्रवी सेवा. २००४ मध्ये दिल्लीतल्या एका शाळेतल्या विद्यार्थ्यांची खासगी चित्रफीत पसरली, आयआयटीच्या एका विद्यार्थ्याने ती बाजी डॉट कॉम या खरेदी-विक्रीच्या संकेतस्थळावर विकायला ठेवली, आणि त्या कंपनीच्या प्रमुखाला अटक झाली. तेव्हापासून ‘अमकीचा एमएमएस’ हा शब्दप्रयोग रूढ झाला. सेवा आता कुणी वापरत नाही. शब्द अजून जिवंत आहे.

आता स्वतःबद्दल. त्या बाई येण्याच्या दोन दिवस आधी शिक्षककक्षात एका सहकाऱ्यांनी फोन माझ्यापुढे धरला आणि विचारले, ही आपलीच मुलगी ना? मी पाहिले. तीन-चार सेकंद असतील, पण ओळखण्याइतके पाहिले. आणि माझ्या तोंडून निघाले, ‘कशाला काढू द्यायचा असा व्हिडिओ?’ कक्षातल्या सगळ्यांनी माना डोलावल्या. हे वाक्य मी आजवर अनेकांच्या तोंडून ऐकले आहे, चांगल्या, प्रेमळ माणसांच्या तोंडून. त्या दिवशी ते माझे होते. हे कबूल केल्याशिवाय पुढचे लिहिण्याचा मला अधिकार नाही.

त्या वाक्याच्या मुळाशी एक समजूत आहे : जे एकाला दाखवले ते खासगी राहिले नाही. ही समजूत कुठून आली? माझा संशय एका शब्दावर आहे. इंग्रजी ‘प्रायव्हसी’साठी मराठी वर्तमानपत्रे सर्रास ‘गोपनीयता’ लिहितात. ‘गोपनीयतेचा अधिकार’. पण गोपनीयता म्हणजे गुप्तता, लपवून ठेवण्याजोगे असणे. मंत्री पदाची आणि गोपनीयतेची शपथ घेतात. तिथे तो शब्द चपखल आहे, कारण सरकारी गुपित फुटले की ते गुपित उरत नाही. गुप्त गोष्ट एकाला कळली की संपली. हाच न्याय आपण माणसाच्या खासगी आयुष्याला लावतो. हिंदीने ‘निजता’ हा शब्द घेतला आहे, आणि या बाबतीत मला हिंदीचा हेवा वाटतो. निज म्हणजे स्वतःचे. लपवलेले नव्हे, आपले.

मराठीकडे याहून जुना शब्द आहे, तोही आपल्या मध्य प्रदेशाच्या मातीत वापरला गेलेला : खासगी. मूळ अरबी ‘खास’. पण मराठ्यांच्या राज्यकारभारात त्याला नेमका अर्थ आला. दौलत वेगळी आणि खासगी वेगळी. दौलत राज्याची, खासगी त्या व्यक्तीची वा घराण्याची. १७३४ मध्ये पेशव्यांनी मल्हारराव होळकरांच्या पत्नी गौतमाबाई यांच्या नावे खासगी जहागीर दिली. पुढे अहिल्याबाईंनी देशभर घाट, मंदिरे, धर्मशाळा बांधल्या त्या या खासगीच्या उत्पन्नातून. इंदूरच्या एका न्यासाच्या नावात आजही ‘खासगी’ हा शब्द टिकून आहे. आता सांगा, होळकरांची खासगी ‘गुप्त’ होती का? तिचे हिशेब होते, कारकून होते, तिच्यातून बांधलेल्या घाटांवर सगळा देश उतरत होता. ती खासगी होती याचा अर्थ एवढाच की तिचे काय करायचे ते ठरवण्याचा अधिकार एका बाईच्या हाती होता.

हा अर्थ आपल्या जुन्या घरांनाही ठाऊक होता. आमच्याकडे छपरी, मग ओसरी, मग माजघर, आत स्वयंपाकघर आणि देवघर. कोणी कुठवर यायचे हे न सांगता ठरलेले. छपरीत बसलेल्याला पाणी मिळे, माजघर मिळत नसे. आणि एखादीला विश्वासाने माजघरात नेले, म्हणून जाताना तिने तिथली पेटी उचलून चौकात ठेवावी, असे कुणी मानत नसे. ‘तूच तर तिला आत घेतलेस’ असे घरधनिणीला कुणी म्हणाले असते का? फोनच्या बाबतीत मात्र आपण नेमके हेच म्हणतो.

न्यायालयांनाही या अर्थापर्यंत यायला वेळ लागला, आणि त्या वाटेवरचे दोन टप्पे मध्य प्रदेशातले आहेत. गोविंद नावाच्या माणसावर पोलिसांनी नजर ठेवली होती. मध्य प्रदेश पोलीस नियमावलीतल्या ८५५ आणि ८५६ या नियमांनुसार रात्री-अपरात्री त्याच्या घराची झडती होई. तो सर्वोच्च न्यायालयात गेला. मार्च १९७५ मध्ये न्या. मॅथ्यू यांच्या पीठाने नियम कायम ठेवले, पण निकालात खासगी आयुष्याच्या हक्काची चर्चा केली : असा हक्क आहे असे धरले तरी तो निरंकुश नाही. गोविंद हरला, पण हक्काचे नाव निकालात उमटले. दुसरा टप्पा उलट दिशेचा. आणीबाणीतला १९७६ चा ‘एडीएम जबलपूर’ निकाल : सरकारने बेकायदा डांबले तरी नागरिकाला दाद मागता येणार नाही, असे चार विरुद्ध एक मताने ठरले. त्या चौघांत न्या. यशवंत विष्णू चंद्रचूड होते.

२४ ऑगस्ट २०१७ रोजी नऊ न्यायाधीशांनी एकमताने सांगितले की हा हक्क मूलभूत आहे. कर्नाटक उच्च न्यायालयाचे निवृत्त न्यायमूर्ती पुट्टस्वामी यांनी आधारच्या संदर्भात केलेल्या याचिकेतून हा प्रश्न आला होता. मुख्य निकालपत्र न्या. धनंजय चंद्रचूड यांचे, आणि त्यात त्यांनी ‘एडीएम जबलपूर’ रद्द ठरवले, म्हणजे वडिलांचा निकाल मुलाने पुसला. आपण सार्वजनिक ठिकाणी आहोत एवढ्याने हा हक्क संपत नाही, तो माणसाबरोबर चालतो, हेही त्यात आहे. नागपूरचे न्या. शरद बोबडे यांनी आपल्या निकालपत्रात गृह्यसूत्रे आणि कौटिल्याचे अर्थशास्त्र यांचा दाखला दिला : घरातल्या माणसांचा आडोसा राहील अशी घरबांधणी, आणि मालकाच्या संमतीवाचून दुसऱ्याच्या घरात शिरायला मनाई. माजघराची गोष्ट मी काही नव्याने सांगत नाही.

आता कलमांकडे. मुन्शीजी आणि मी दोघेही त्या दिवशी अडखळलो, कारण १ जुलै २०२४ पासून भारतीय दंड संहिता जाऊन भारतीय न्याय संहिता आली होती आणि जुने ३५४-क हे कलम आता ७७ झाले होते. मूळ तरतूद २०१३ ची. दिल्लीच्या डिसेंबर २०१२ च्या घटनेनंतर न्या. जगदीश शरण वर्मा यांच्या समितीने महिनाभरात अहवाल दिला, त्यानंतरच्या दुरुस्तीत हे कलम आले. (वर्मा आपल्या सतन्याचे.) कलम सांगते की जिथे कुणी पाहणार नाही अशी खात्री बाळगणे स्वाभाविक आहे अशा प्रसंगी स्त्रीला चोरून पाहणे, तिचे चित्रण करणे किंवा ते पसरवणे हा गुन्हा आहे. पहिल्या वेळी एक ते तीन वर्षे, पुन्हा केल्यास तीन ते सात वर्षे कैद. पण सगळ्यात मोलाचे आहे ते कलमाखालचे दुसरे स्पष्टीकरण. त्याचा आशय असा : स्त्रीने चित्रणाला संमती दिली असेल, पण ते तिसऱ्याकडे जाण्याला दिली नसेल, तर ते पाठवणे हा या कलमाखालचा गुन्हाच आहे.

हे एक वाक्य शिक्षककक्षातल्या भिंतीवर लावावे. ‘कशाला काढू द्यायचा’ या प्रश्नाचा कायद्याच्या दृष्टीने काहीही संबंध नाही. काढू देणे ही एक संमती, पाठवू देणे ही दुसरी. पहिलीतून दुसरी निघत नाही.

माहिती तंत्रज्ञान कायद्याचे ६६-ई हे कलमही संमतीच्याच बाजूने विचार करते, आणि ते स्त्री-पुरुष दोघांनाही लागू आहे. शरीराच्या खासगी भागाचे चित्र संमतीवाचून टिपणे, प्रसिद्ध करणे, पाठवणे यासाठी तीन वर्षांपर्यंत कैद किंवा दोन लाखांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. पण त्याच कायद्याची ६७ आणि ६७-ए ही कलमे पाहा. तिथे प्रश्न संमतीचा नाही, अश्लीलतेचा आहे. साहित्य कामुक आहे का, लैंगिक कृती दाखवते का? असेल तर ते प्रसारित करणारा दोषी. पोलीस ही कलमे लावतात, शिक्षाही मोठी आहे, आणि फॉरवर्ड करणारा प्रत्येक जण त्यात सापडू शकतो. तरीही मला ती ‘वासनाकांडा’च्या नजरेतून लिहिलेली वाटतात. त्यांच्या लेखी दुखावली गेली ती समाजाची नीती. मुलीला काय झाले हा प्रश्न तिथे येत नाही. म्हणूनच अनेक मुलींना भीती वाटते की आपणच त्याला चित्र पाठवले होते, म्हणजे आपणही अडकू. अर्ज लिहिताना म्हणूनच ७७ आणि ६६-ई यांची भाषा आधी यावी, संमतीची.

अठरा वर्षांखालच्या मुलांबाबत मात्र शिक्षकांनी एक गोष्ट पक्की लक्षात ठेवावी. तिथे संमतीचा प्रश्नच येत नाही. असे साहित्य मिळवणे, जवळ ठेवणे, पाहणे हेसुद्धा कायद्याच्या कक्षेत येते. ‘चौकशीसाठी’ म्हणून शाळेच्या ग्रुपवर क्लिप मागवणारा मुख्याध्यापक स्वतः अडचणीत येऊ शकतो. २३ सप्टेंबर २०२४ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने ही बाजू स्पष्ट केली, आणि आपल्या विषयाच्या दृष्टीने त्याहून लक्षणीय गोष्ट केली : न्यायालयांनी ‘चाइल्ड पोर्नोग्राफी’ हा शब्दप्रयोग करू नये, मुलांच्या लैंगिक शोषणाचे व अत्याचाराचे साहित्य अशा अर्थाचा शब्द वापरावा, असे सांगितले. कारण पहिल्या शब्दात करमणुकीची छटा आहे, दुसऱ्यात गुन्हा आहे. शब्द बदलल्याने नजर बदलते हे देशाच्या सर्वोच्च न्यायालयाने मान्य केले, तर भाषेच्या शिक्षकाने का करू नये?

हे व्हिडिओ बाहेर जातात कसे? ‘हॅकर’ हा आपला आवडता खलनायक. पण मी ज्या तीन-चार घटना जवळून पाहिल्या, त्यांत हॅकर एकाही ठिकाणी नव्हता. होता तो ओळखीचा माणूस. प्रियकर, त्याचा मित्र, नात्यातला भाऊ. व्हिडिओ कॉल चालू असताना पलीकडच्याने पडदा टिपून घेतला तर अलीकडच्याला कळेलच असे नाही. घरात एक फोन चौघे वापरतात आणि व्हॉट्सअॅपवर आलेली चित्रे आपोआप गॅलरीत उतरतात. फोन दुरुस्तीला देताना आपण पासवर्डही चिठ्ठीवर लिहून देतो. जुना फोन विकताना चित्रे ‘डिलीट’ केली एवढ्यावर समाधान मानतो. पण मेमरी कार्डावरून डिलीट करणे म्हणजे ग्रंथालयाच्या सूचीतले कार्ड फाडणे. पुस्तक मांडणीवर तसेच असते, त्या जागी दुसरे येईपर्यंत. अलीकडच्या फोनची आतली साठवण कुलूपबंद असते आणि पूर्ण रीसेट केला की किल्लीच नाहीशी होते, म्हणून विकण्याआधी रीसेट करावा आणि कार्ड काढून घ्यावे.

आणि आता तर मूळ चित्रणाचीही गरज उरली नाही. लग्नातल्या साध्या फोटोवरून बनावट व्हिडिओ तयार होतो. नोव्हेंबर २०२३ मध्ये अभिनेत्री रश्मिका मंदाना यांचा चेहरा दुसऱ्याच स्त्रीच्या शरीरावर बसवलेला व्हिडिओ देशभर पसरला तेव्हा हे सगळ्यांना दिसले. ‘कशाला काढू द्यायचा’ म्हणणाऱ्यांनी यावर काय म्हणायचे? कशाला चेहरा होता?

पसरवण्याच्या यंत्रणेतही कर्ता हरवण्याची सोय आहे. व्हॉट्सअॅपवर ‘फॉरवर्डेड’ अशी खूण दिसते, मूळ कुणी पाठवले ते दिसत नाही. हाही एक कर्मणी प्रयोगच. १ जुलै २०१८ रोजी धुळे जिल्ह्यातल्या राईनपाड्यात मुले पळवणारी टोळी समजून जमावाने पाच भिक्षेकऱ्यांना ठेचून मारले. त्या महिन्यातल्या अशा घटनांनंतर कंपनीने भारतात एका वेळी पाचच ठिकाणी संदेश पुढे पाठवता येईल अशी मर्यादा घातली. २०२१ च्या सरकारी नियमांनी मूळ पाठवणारा शोधून देण्याची सक्ती आणली, कंपनी त्याविरुद्ध दिल्ली उच्च न्यायालयात गेली. कर्ता शोधायचा तर सगळ्यांचीच पत्रे उघडी करावी लागतील, असा तिचा मुद्दा. हा पेच खरा आहे, आणि मला त्यात सोपी बाजू दिसत नाही. आमच्या प्रकरणात सुदैवाने एवढ्या शोधाची गरज नव्हती. पहिल्या चौघांपैकी एकाच्या फोनमध्ये पाठवणाऱ्याचा नंबर तसाच होता.

त्याच नियमांनी अशी खासगी वा बनावट चित्रे हटवण्यासाठी समाजमाध्यमांना २०२१ मध्ये तक्रारीपासून २४ तासांची मुदत ठरवली होती, आणि तक्रार पीडितेच्या वतीने दुसऱ्या कुणालाही करता येते. पोलिसांकडे जाण्याआधी १९३० या क्रमांकावर किंवा राष्ट्रीय सायबर गुन्हे पोर्टलवर नोंद करता येते. गुन्हा कुठल्याही ठाण्यात नोंदवता येतो. ‘स्टॉप एनसीआयआय’ नावाची एक मोफत सोय आहे, प्रौढांसाठी. तिथे चित्र पाठवायचे नसते. आपल्याच फोनवर त्या चित्राचा एक सांकेतिक ठसा तयार होतो, बोटाच्या ठशासारखा : ठशावरून माणूस ओळखता येतो, पण ठशातून चेहरा काढता येत नाही. तो ठसा फेसबुक, इन्स्टाग्राम अशा सहभागी कंपन्यांकडे जातो आणि तेच चित्र तिथे कुणी चढवू लागले तर अडवले जाते. चित्रात बराच बदल केला तर ठसा चुकू शकतो, आणि व्हॉट्सअॅपच्या बंद गप्पांत तो तपासला जात नाही. तरी काहीच नसण्यापेक्षा पुष्कळ. एक मात्र सांगते : घाबरून चॅट पुसून टाकू नये. कुणी, कोणत्या नंबरवरून, किती तारखेला, कोणत्या ग्रुपवर पाठवले, हे जपून ठेवावे. आणि क्लिप पुरावा म्हणून ओळखीच्यांना पाठवत सुटू नये.

ठाण्याच्या व्हरांड्यातल्या बाकावर बसून आम्ही अर्ज पुन्हा लिहिला. त्या बाईंना मी विचारले, ‘ताई, नेमकं काय झालं ते तुमच्या शब्दांत सांगा.’ त्या म्हणाल्या, ‘ते तिचं होतं मॅडम. त्यानं लोकाइचं करून टाकलं.’ माझ्या पंचवीस वर्षांच्या व्याकरणाला जे जमले नाही ते या बाईंनी दोन वाक्यांत केले. कर्ता होता, कृती होती, मालकी होती. ‘बदनामी’ हा शब्द त्यांनी वापरलाच नाही. तो मी घातला होता.

दुसऱ्या अर्जाचे पहिले वाक्य त्या तरुणाच्या नावाने सुरू झाले. अमुक तारखेला, अमुक नंबरवरून, माझ्या मुलीच्या संमतीविना, त्याने. मुलगी बाकाच्या टोकाला ओढणी घट्ट धरून बसली होती. लिहिलेले तिला वाचायला दिले. तिने माझ्याकडून पेन घेतले, ‘मेरी बेटी’ खोडले आणि वर ‘मेरा’ लिहिले. ती एकोणीस वर्षांची होती. अर्ज तिचा होता, सही तिची हवी, हेही आमच्या लक्षात आले नव्हते. मुन्शीजींनी या वेळी काही विचारले नाही. पावती दिली.

प्रकरण न्यायालयात आहे, तारखा पडतात. मुलगी आता दुसऱ्या शहरात शिकते. शिक्षककक्षात ज्यांनी फोन पुढे धरला होता त्यांना मी दुसऱ्या दिवशी सांगितले की तो व्हिडिओ माझ्यासमोर डिलीट करा, आणि मी तो पाहिला याची मला लाज वाटते. ते चिडले, पण त्यांनी केला. नववीच्या व्याकरणाच्या तासाला मी आता ‘वीडियो वायरल हुआ’ आणि ‘उसने वीडियो भेजा’ ही दोन वाक्ये फळ्यावर शेजारी शेजारी लिहिते आणि कर्ता विचारते. वर्ग आधी हसतो, मग गप्प होतो.

त्या अर्जाची प्रत माझ्याकडे आहे. मागच्या महिन्यात वारासिवनीकडचे एक वडील आले होते. नावे आणि नंबर झाकून मी त्यांना ती दाखवली. त्यांनी मुलीला आत बोलावले आणि पेन तिच्या हातात दिले.